आगबोटींचे वेषांतर

अर्धापूरच्या परिसरात केळीच्या बागा आहेत, हळदीची शेते आहेत. समुद्र मात्र नाही. नांदेडला गेले म्हणजे गोदावरीच्या पात्रात एखादी होडी दिसते. त्या भागातील मुलांची जलप्रवासाशी तेवढीच काय ती ओळख. परंतु येथे जी हकीकत सांगावयाची आहे, ती कळण्यास समुद्र पाहिलेला असलाच पाहिजे असे नाही. नदीला मोठा पूर येतो, काठची घरे पाण्याखाली जातात, तेव्हा उंचावरील शाळेचे काय होते ते आठवून पाहावे. बाके भिंतीला लागतात, व्हरांड्यात चुली पेटतात आणि काल ज्या वर्गात पाढे म्हटले जात होते तेथे आज चार कुटुंबे पथारी पसरतात. इमारत तीच असते. तिचे काम मात्र एका रात्रीत बदलते.

समुद्रावरील बोटींवरही युद्धकाळात असाच प्रसंग येतो. लढाऊ जहाज बांधावयास वर्षानुवर्षे लागतात आणि शत्रू तितका काळ थांबत नाही. सैन्याला परमुलखात पोहोचवावयाचे असते, जखमींना परत आणावयाचे असते, व्यापारी जहाजांच्या तांड्याला सोबत द्यावयाची असते. मग सरकार प्रवासी बोटी ताब्यात घेते. गालिचे गुंडाळले जातात, दिवाणखान्यातील झुंबरे आणि पियानो उतरविले जातात. शुभ्र किंवा रंगीत बाजूंवर समुद्राशी मिळताजुळता राखी रंग चढतो. रात्री उजेडाचा कवडसाही बाहेर पडू नये म्हणून खिडक्यांच्या काचा काळ्या केल्या जातात. जेथे दोन पलंग होते त्या खोलीत लोखंडी नळ्यांच्या चौकटींना किंतान ताणून एकावर एक निजण्याच्या जागा केल्या जातात. काही बोटींचे मागचे धुराडे निव्वळ शोभेचे असे. बोट जितकी धुराड्यांची तितकी ती वेगवान, अशी उतारूंची समजूत होती, आणि कंपन्या ती समजूत मोडीत नसत! युद्ध आले की असले धुराडे छाटून टाकीत, म्हणजे विमानांवर रोखलेल्या तोफांना आकाश मोकळे मिळे.

शिडांच्या काळात हा प्रश्न फारसा नव्हता. चाच्यांच्या भयाने व्यापारी गलबतेही तोफा बाळगीत. पुढे वाफेचे यंत्र आले, पोलाद आले, लढाऊ जहाजांवर जाड चिलखत चढले आणि दोन्ही प्रकारच्या जहाजांत मोठे अंतर पडले. प्रवासी बोटीची बाजू पातळ आणि उंच असते. त्यामुळे आत हवा-उजेड चांगला येतो, पण शत्रूच्या तोफेला निशाणही आयते मिळते.

आपल्या मुंबई बंदराने अशी वेषांतरे अनेक पाहिली. त्यांतील काही बोटींची ही हकीकत आहे.

इ. स. १८९१ मध्ये कॅनडाच्या एका रेल्वे कंपनीने पॅसिफिक महासागरावर तीन नव्या बोटी आणल्या. त्यांपैकी पहिलीचे नाव ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’. ती इंग्लंडमधील बॅरो येथे बांधलेली होती. शुभ्र अंग, दोन धुराडी, तीन डोलकाठ्या आणि पुढे झेपावणारी डौलदार नाळ असे तिचे रूप होते. व्हँकुव्हर, जपान, चीन अशा तिच्या फेऱ्या चालत. तिची बांधणी चालू असतानाच एक गोष्ट ठरलेली होती. टपाल नेण्याबद्दल ब्रिटिश सरकार कंपनीला दरसाल पैसे देत असे. त्याच्या मोबदल्यात, वेळ पडल्यास तोफा बसविता येतील अशा मजबूत जागा तिच्या डेकवर राखून ठेवलेल्या होत्या. उतारू त्या डेकवर खुर्च्या टाकून ऊन खात. आपण तोफेच्या जागी बसलो आहोत, हे त्यांतील कितीकांना ठाऊक होते कोण जाणे!

परंतु तोफांचे काम तिच्या वाट्याला आले नाही. १९१४ साली पहिले महायुद्ध सुरू झाले. त्या वर्षाअखेरीस ग्वाल्हेरचे महाराज माधवराव शिंदे यांनी ही बोट विकत घेतली आणि तिचे रुग्णालय करावे असे ठरले. हे महाराज म्हणजे सातारा जिल्ह्यातील कण्हेरखेडच्या शिंद्यांचे वंशज. याआधी चीनमधील लढाईच्या वेळीही त्यांनी एक रुग्णनौका सज्ज करून दिली होती. मुंबईत बोटीचे नवे रूप तयार झाले आणि जानेवारी १९१५ मध्ये तिला ‘लॉयल्टी’ असे नाव मिळाले. त्याचा अर्थ राजनिष्ठा. संस्थानिकांनी इंग्रज सरकारला आपली निष्ठा दाखवावयाची तो काळ होता. नाव त्या काळाला साजेसेच होते.

रुग्णनौकेचा वेष इतर युद्धनौकांच्या अगदी उलट असतो. युद्धनौका लपू पाहते, तर रुग्णनौका ठळक दिसू पाहते. १९०७ साली हेग येथे झालेल्या आंतरराष्ट्रीय करारानुसार सैनिकी रुग्णनौकेचा रंग पांढरा असावा, तिच्या अंगावर सुमारे दीड मीटर रुंदीचा हिरवा आडवा पट्टा असावा आणि तिने तांबड्या क्रॉसचे निशाण लावावे, असे ठरले होते. तिच्यावर कोणी हल्ला करू नये आणि तिनेही युद्धाच्या कामात पडू नये, हा त्यामागील संकेत. हा संकेत नेहमीच पाळला गेला असे मात्र नाही.

अशा नौकांची त्या वेळी किती निकड होती हे कळण्यासाठी थोडे इराककडे वळले पाहिजे. त्या देशाला तेव्हा मेसोपोटेमिया म्हणत. १९१४ च्या अखेरीस पुणे विभागाची सेना तेथे रवाना झाली. तिच्यात मराठा पलटणीही होत्या. १०३ वी, ११० वी आणि ११७ वी या त्यांतील प्रमुख. सैन्य तैग्रिस नदीच्या काठाने आत आत शिरले. नोव्हेंबर १९१५ मध्ये बगदादजवळ टेसिफोन येथे घनघोर लढाई झाली आणि हजारो माणसे जखमी झाली. त्यांना नदीमार्गे बसऱ्याला आणावयाचे होते, परंतु पुरेशा बोटी नव्हत्या, डॉक्टर नव्हते, औषधेही नव्हती.

बसऱ्याच्या बंदरात ‘व्हरेला’ नावाची बोट उभी होती. तीही मुळात ब्रिटिश इंडिया कंपनीची प्रवासी बोट. युद्धासाठी तिची रुग्णनौका केलेली होती. मेजर कार्टर नावाचे डॉक्टर तिच्यावर प्रमुख होते. एके संध्याकाळी नदीतून ‘मेजिदिये’ नावाची छोटी आगबोट दोन पडाव ओढीत येताना त्यांनी पाहिली. उघड्या डेकवर शेकडो जखमी दाटीवाटीने पडलेले होते. ऊनपावसापासून आडोसा नव्हता. कित्येकांच्या जखमांवरील पट्ट्या लढाईच्या दिवशी बांधल्या त्या तशाच होत्या. ज्यांची हाडे मोडली होती त्यांना आधारासाठी मिळतील त्या काठ्या बांधलेल्या होत्या. तेरा दिवस आणि तेरा रात्री त्या माणसांनी तशा काढल्या होत्या.

कार्टरांनी जे पाहिले ते लिहून वरिष्ठांकडे धाडले. वरिष्ठांना ते रुचले नाही. डॉक्टर नसत्या गोष्टींत लक्ष घालतो असे म्हणून त्यांना दटावण्यात आले, नोकरीवरून काढण्याची भीतीही घालण्यात आली. डॉक्टरांनी लिहिलेला शब्द मागे घेतला नाही. शेवटी विलायतेत चौकशी समिती नेमावी लागली. १९१७ साली तिचा अहवाल प्रसिद्ध झाला तेव्हा कार्टरांचे म्हणणे खरे ठरले, आणि हिंदुस्थानचा कारभार पाहणारे मंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांना आपले पद सोडावे लागले. रुग्णनौका म्हणजे नुसता पांढरा रंग आणि हिरवा पट्टा नव्हे, हे त्या बसऱ्याच्या धक्क्यावर दिसून आले.

युद्ध संपले. ‘लॉयल्टी’ मुंबई बंदरात रिकामी झाली. त्या वेळी आपल्या देशाची समुद्रावरील वाहतूक जवळजवळ सर्वस्वी इंग्रज कंपन्यांच्या हाती होती. कापूस आपला, उतारू आपले, बंदर आपले. बोट मात्र परक्याची! ही मक्तेदारी मोडावी असा ध्यास काही व्यापाऱ्यांनी घेतला. त्यांत नरोत्तम मोरारजी होते आणि सोलापूरचे वालचंद हिराचंद होते. वालचंदांचे गावही समुद्रापासून दूर, हे लक्षात घेण्याजोगे आहे. ‘लॉयल्टी’ विकाऊ आहे असे कळताच त्यांनी ती घेण्याचे ठरविले. मार्च १९१९ मध्ये नवी कंपनी स्थापन झाली आणि जिच्याकडून बोट घेतली त्या घराण्याच्या नावावरून तिला ‘सिंधिया’ असे नाव देण्यात आले. शिंदे या आडनावाचे इंग्रजांच्या लेखणीतून उतरलेले ते रूप आहे.

५ एप्रिल १९१९ रोजी ‘लॉयल्टी’ मुंबईहून लंडनला जाण्यास निघाली. हिंदी मालकीच्या कंपनीची बोट उतारू घेऊन विलायतेच्या मार्गाला लागली, म्हणून त्या दिवसाचे महत्त्व. १९६४ पासून ५ एप्रिल हा दिवस आपल्या देशात राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो. व्यवहाराच्या दृष्टीने पाहिले तर सौदा काही फायद्याचा ठरला नाही. बोट अठ्ठावीस वर्षांची, जुनी, कोळसा भरपूर खाणारी. दुरुस्तीचा खर्च तर संपेना. १९२३ साली मुंबईतच ती भंगारात निघाली. कंपनी मात्र टिकली, वाढली आणि पुढे तिने कितीतरी नव्या बोटी समुद्रात सोडल्या. राजनिष्ठेच्या नावाने सजलेल्या बोटीकडून स्वदेशीचे काम झाले, ही योगायोगाची गंमत म्हणावयाची!

आता दुसऱ्या महायुद्धाकडे वळू. १९३१ च्या ऑगस्टमध्ये मुंबईहून पंधरा दिवसांच्या अंतराने दोन बोटी विलायतेस गेल्या. लंडनला गोलमेज परिषद भरणार होती. १५ ऑगस्टला डॉ. बाबासाहेब आंबेडकर ‘मुलतान’ बोटीने निघाले. २९ ऑगस्टला महात्मा गांधी ‘राजपुताना’ बोटीने. दोन्ही बोटी पी. अँड ओ. कंपनीच्या. गांधीजी सर्वांत खालच्या वर्गाचे तिकीट काढून गेले. ते रात्री उघड्या डेकवर निजत, दिवसा सूत कातीत आणि तेथेच त्यांची प्रार्थना चाले. पंडित मदनमोहन मालवीय आणि सरोजिनी नायडूही त्याच बोटीवर होत्या.

आठ वर्षांनी युद्ध भडकले आणि दोन्ही बोटी सरकारने ताब्यात घेतल्या. ‘राजपुताना’वर सहा इंची आठ तोफा बसल्या. अटलांटिक महासागरात व्यापारी जहाजांच्या तांड्यांना सोबत देण्याचे काम तिला मिळाले. हे काम किती जोखमीचे होते, हे तिच्याच ‘रावळपिंडी’ नावाच्या जुळ्या बोटीने दाखवून दिले होते. २३ नोव्हेंबर १९३९ रोजी तिची गाठ दोन जर्मन युद्धनौकांशी पडली. त्यांच्या तोफा अकरा इंची. ‘रावळपिंडी’चे कप्तान केनेडी यांनी शरण जाण्यास नकार दिला. तासाभराच्या आत बोट जळून गेली आणि कप्तानासह २३८ माणसे प्राणास मुकली.

‘राजपुताना’ त्यानंतर दीड वर्ष टिकली. १३ एप्रिल १९४१ रोजी आइसलँडच्या पश्चिमेस एका जर्मन पाणबुडीने तिच्यावर पाणतीर सोडले. असल्या बोटींच्या खणांत रिकामी पिंपे भरून ठेवीत. बाजूला भोक पडले तरी त्यांच्यामुळे बोट काही वेळ तरंगे. ‘राजपुताना’ बुडण्यास तासाहून अधिक वेळ लागला आणि तेवढ्या अवधीत सुमारे २८० माणसे वाचविता आली. चाळीसहून अधिक गेली. ज्या बोटीच्या डेकवर गांधीजींचा चरखा फिरला ती उत्तर अटलांटिकच्या तळाशी विसावली. ‘मुलतान’चे दैव बरे होते. ती आधी तोफा घेऊन आणि नंतर सैनिक घेऊन हिंडली, युद्धातून सुखरूप बाहेर पडली, पुन्हा उतारू नेऊ लागली आणि १९५४ मध्ये मोडीत निघाली.

याच युद्धात अमेरिकेच्या मोठमोठ्या प्रवासी बोटीही मुंबईस आल्या. त्यांतील प्रमुख ‘अमेरिका’. हिला जलावतरणाचा मुहूर्त मिळाला तो ३१ ऑगस्ट १९३९ चा. दुसऱ्याच दिवशी जर्मनीने पोलंडवर स्वारी केली! अमेरिका तेव्हा युद्धात नव्हती. पाणबुड्यांनी चुकून मारा करू नये म्हणून या बोटीच्या दोन्ही बाजूंवर देशाचे नाव आणि ध्वज मोठ्या आकारात रंगविले होते. १९४१ च्या जूनमध्ये आरमाराने ती ताब्यात घेतली, ध्वज पुसून राखी रंग दिला आणि नाव ठेवले ‘वेस्ट पॉइंट’. तिच्या सोबतच ‘मॅनहॅटन’ची ‘वेकफिल्ड’ झाली आणि ‘वॉशिंग्टन’ची ‘माउंट व्हर्नन’. शांततेच्या काळात सुमारे बाराशे उतारूंची सोय असलेल्या ‘वेस्ट पॉइंट’वर पुढे आठ हजारांवर सैनिक नेले जात. इंग्लंडच्या ‘क्वीन मेरी’ने तर जुलै १९४३ मध्ये एका खेपेत १६,६८३ माणसे नेली. एवढ्या गर्दीत एकाच बिछान्यावर सैनिकांना पाळीपाळीने निजावे लागे.

१० नोव्हेंबर १९४१ रोजी कॅनडातील हॅलिफॅक्स बंदरातून सहा अमेरिकन बोटींचा तांडा निघाला. बोटी अमेरिकन, पण आतील सुमारे वीस हजार सैनिक ब्रिटिश. ते अठराव्या तुकडीचे होते. नॉरफोक, सफोक, केंब्रिज अशा पूर्वेकडील शेतीप्रधान जिल्ह्यांतील ती पोरे. इजिप्तच्या वाळवंटात लढावयाचे, अशी त्यांची समजूत. तांडा आफ्रिकेच्या दक्षिण टोकाजवळ असताना बातमी आली, की जपानने पर्ल हार्बरवर बाँब टाकले. आता अमेरिकाही युद्धात उतरली आणि तांड्याची वाटही बदलली. ‘माउंट व्हर्नन’ आपले सैनिक घेऊन वेगळ्या मार्गाने सिंगापूरकडे वळली. ‘वेस्ट पॉइंट’ आणि ‘वेकफिल्ड’ २७ डिसेंबरला मुंबईस लागल्या.

बहुतेक सैनिक येथे उतरले आणि आगगाडीने अहमदनगरला, म्हणजे आजच्या अहिल्यानगरला गेले. कित्येक आठवडे बोटीत कोंडलेल्या माणसांचे पाय मोकळे व्हावेत, सराव व्हावा, म्हणून सुमारे तीन आठवडे त्यांना तेथे ठेवले. दख्खनच्या कोरड्या माळावर त्यांनी कवायती केल्या. लढावयाचे होते ते मात्र मलायाच्या पावसाळी रानात आणि दलदलीत. २३ जानेवारी १९४२ ला त्यांना पुन्हा त्याच बोटींवर चढविण्यात आले आणि २९ जानेवारीला ते सिंगापूरला उतरले.

त्या वेळी सिंगापूरची अवस्था कशी होती? जपानी सैन्य बेटाच्या तोंडाशी आलेले होते. गोदीवर दररोज विमानांचा मारा चालू होता. सैनिक उतरले त्याच धक्क्यावर बायका आणि मुले परतीच्या बोटीची वाट पाहत उभी होती. ३० तारखेला ‘वेकफिल्ड’च्या रुग्णकक्षावर बाँब पडला आणि पाच माणसे ठार झाली. तशाही स्थितीत तिने सुमारे चारशे बायकामुलांना पोटात घेतले. ‘वेस्ट पॉइंट’ने बाराशेंहून अधिक माणसे घेतली. दोन्ही बोटी संकटातून निसटल्या आणि अखेर मुंबईस पोहोचल्या. मुंबईत ‘वेकफिल्ड’ची तात्पुरती डागडुजी झाली.

ज्यांना त्या उतरवून आल्या त्यांच्या नशिबी मात्र परतीची बोट नव्हती. पंधरवडा लोटतो न लोटतो तोच, १५ फेब्रुवारी १९४२ रोजी सिंगापूर पडले आणि ती सबंध तुकडी कैद झाली. पुढची साडेतीन वर्षे त्यांनी बंदिवासात काढली. सयाम आणि ब्रह्मदेश यांना जोडणारी रेल्वे बांधण्यास त्यांतील कित्येकांना जुंपले. भूक, पटकी आणि हिवताप यांनी शेकडो माणसे दगावली. त्याच रेल्वेवर मलायातील तमिळ मजुरांचेही फार मोठ्या संख्येने बळी गेले; त्यांची तर धड गणतीही कोणी ठेवली नाही.

‘वेकफिल्ड’ त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये अटलांटिकवर आगीत होरपळली. तिची नव्याने बांधणी झाली, ती सैनिकांसाठीच. प्रवासी बोट म्हणून ती पुन्हा कधी निघाली नाही. ‘वेस्ट पॉइंट’ने युद्धात साडेतीन लाखांवर माणसांची ने-आण केली. १९४४ मध्येही ती मुंबईस येऊन गेली. १९४६ साली राखी रंग खरवडण्यात आला, गालिचे पुन्हा अंथरले गेले आणि तिला आपले ‘अमेरिका’ हे नाव परत मिळाले. पुढे मालक बदलले, तशी नावेही बदलत गेली. जानेवारी १९९४ मध्ये तिला दुसऱ्या बोटीने ओढून नेत असता वादळात दोर तुटले आणि कॅनरी बेटांपैकी एकाच्या किनाऱ्यावर ती आदळली. लाटांनी दोन दिवसांत तिचे दोन तुकडे केले. नाळेकडचा भाग पुढे बरीच वर्षे उभा होता. नंतर तोही कोसळून पाण्याखाली गेला.